आत्या, पदराने डोळे पुसू नकोस

पुणे,
१२ नोव्हेंबर

ती. स्व. आत्यास,
शिरसाष्टांग नमस्कार.

हे पत्र मंजू तुला वाचून दाखवेल. तिला सांग, सावकाश वाच आणि मधलं काही गाळू नकोस. फोनवर तू ‘हो गं, हो गं’ म्हणतेस आणि मग तुला हवं तेच करतेस, म्हणून मुद्दाम कागदावर लिहिते आहे. वाचून झालं की पत्र फडताळाच्या दाराला आतून चिकटवून ठेवा.

त्रिपुरी पौर्णिमा झाली की तुझ्या उजव्या डोळ्याच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन, हे कळलं. बरं वाटलं. साखर, रक्तदाब, ईसीजी, भिंगाचा नंबर हे सगळं साताऱ्याला दवाखान्यात बघतील. ऑपरेशनचं म्हणशील तर आता दोन-तीन मिलिमीटरच्या छेदातून गढूळलेलं भिंग फोडून काढून घेतात आणि घडी केलेलं नवं भिंग त्याच वाटेने आत सोडतात. बहुतेक वेळा टाकासुद्धा पडत नाही. तुझ्या सासूबाईंसारखं डोक्याच्या दोन्ही बाजूंना वाळूच्या पिशव्या लावून पडून राहायचं, पुढे जाड भिंगांचा चष्मा, हे सगळं मागे पडलं. माझं मन अडकलं आहे ते ऑपरेशनच्या आधी तू घरी असशील त्या दिवसांत.

का ते सांगते. मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतर डॉक्टरांना खरी धास्ती एकाच गोष्टीची असते, डोळ्याच्या आत जंतू शिरून पू होण्याची. हजारात एखाद्याला, चांगल्या दवाखान्यांत त्याहूनही कमी जणांना हे होतं. पण ज्याला होतं त्याची नजर काही दिवसांत जाऊ शकते. डोळ्याच्या आतल्या पारदर्शक गरात रक्तवाहिन्याच नसतात. त्यामुळे शरीराची कुमक तिथे उशिरा पोचते आणि तोवर जंतूंना मोकळं रान मिळतं.

हे जंतू येतात कुठून? अमेरिकेत १९९१ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात असा संसर्ग झालेल्या १७ रुग्णांच्या डोळ्यांतले जंतू तपासले होते. त्यातल्या १४ जणांचे जंतू त्यांच्याच पापणीवरच्या, डोळ्याच्या पांढऱ्या भागावरच्या अस्तरातल्या किंवा नाकातल्या जंतूंशी तंतोतंत जुळले. एकाच दिवशी, एकाच टेबलावर पाच-सहा जणांचे डोळे बिघडले तर दोष औषधात नाहीतर उपकरणांत शोधावा लागतो आणि ती जबाबदारी दवाखान्याची. पण एकट्यादुकट्या रुग्णाला होणारा संसर्ग बहुधा त्याच्या स्वतःच्या पापण्यांच्या कडेवरून आलेला असतो. हे जंतू तुझ्या-माझ्या, सगळ्यांच्याच पापण्यांवर कायमचे राहतात. एरवी त्रास देत नाहीत. छेद झाला की मात्र आत जायला वाट मिळते.

यावर दवाखान्यात जे करतात ते आधी ऐक, म्हणजे तुझा वाटा किती ते कळेल. टेबलावर घेतल्यावर डोळ्याभोवतीची कातडी आणि पापण्या तपकिरी पोव्हिडोन आयोडिनने पुसतात. त्याचंच सौम्य, पाच टक्क्यांचं द्रावण डोळ्यात घालून काही मिनिटं ठेवतात. थोडं चुरचुरतं, घाबरू नकोस. मग चिकटणारा प्लॅस्टिकचा पडदा लावून पापण्यांचे केस त्याखाली दाबून टाकतात. पूर्वी आमच्या नेत्रविभागातही पापण्यांचे केस कापायचे, आता बहुतेक ठिकाणी कापत नाहीत, कारण त्याने संसर्ग कमी होतो असं दिसलं नाही. शेवटी पुष्कळ डॉक्टर डोळ्याच्या आत प्रतिजैविकाचा थेंबभर डोस सोडतात. मदुराईच्या अरविंद रुग्णालयांनी सहा लाख ऑपरेशनांचा हिशेब २०१७ साली मांडला. त्यात हा डोस न दिलेल्यांत दहा हजारांत सात जणांना संसर्ग झाला होता, दिलेल्यांत दोघांना.

म्हणजे मोठं काम तिथेच होतं. तू घरी कितीही घासलंस-धुतलंस तरी पापणी निर्जंतुक होणार नाही, आणि तसा हट्ट धरायचाही नाही. पण आयोडिन वरवरचे जंतू मारतं. पापणीच्या कडेला सूज असेल, तिथल्या तेलाच्या ग्रंथी तुंबल्या असतील, अश्रूंच्या पिशवीत पू साठला असेल, तर वरून पुसलं तरी आतून पुरवठा चालूच राहतो. घरी बंद करायचा तो हा पुरवठा.

तुला सोवळं कळतं, म्हणून सोवळ्याच्या भाषेत सांगते. सोवळ्यात कोणी शिवलं ते बघतात. इथे कोणी शिवलं ते विचारू नकोस, हात आधी कुठे लागला होता तेवढंच बघ. तुझा स्वतःचा, आंघोळ केलेला हातसुद्धा दाराची कडी, पैशाची नोट किंवा नाक पुसलेला रुमाल लागल्यावर डोळ्याला चालत नाही. साबण लावून, बोटांच्या बेचक्यांसकट धुवायचा आणि स्वच्छ पंच्याने कोरडा करायचा. नखं मंजूकडून कापून घे.

आता तुझ्या सवयी. पहिली म्हणजे पदर. चुलीपुढे बसलीस की पदराचं टोक डोळ्याला, हसलीस की डोळ्याला, रडलीस की डोळ्याला. त्याच पदराने तू गरम पातेलं उतरवतेस आणि नातवाचं नाकही पुसतेस. आजपासून ते ऑपरेशननंतर दीड-दोन महिन्यांपर्यंत पदर डोळ्यांपासून लांब. पाणी आलं तर स्वच्छ, धुतलेल्या रुमालाने गालावरचं टिपून घे, डोळा चोळू नकोस. तोंड पुसायचा तुझा पंचा वेगळा, रोज धुऊन उन्हात वाळवलेला. उशीचा अभ्राही दोन दिवसांनी बदलायला सांग.

दुसरी, तीर्थ. पूजा झाल्यावर तीर्थ घेऊन ओला हात तू डोळ्यांना लावतेस. त्यात कृष्णेचं पाणी, तुळस, कधी पंचामृत. तीर्थ घे, पण हात डोळ्यांना नको, डोक्यावरून फिरव. आरतीचंही तसंच, तळवे कपाळाला लाव. देव काही मनात धरणार नाही.

तिसरी, घरगुती औषधं. मध, गुलाबपाणी, एरंडेल, तुळशीचा रस यातलं काहीही डोळ्यात जाता कामा नये. यातल्या कशानेही मोतीबिंदू विरघळत नाही. गढूळ भिंग बाहेर काढल्याशिवाय दुसरा उपाय नाही. शिवाय ही द्रव्यं निर्जंतुक नसतात, बुबुळाला जखम करतात आणि कधीकधी बुरशीची लागण होते. काजळ आणि सुरमाही बंद. बाजारातल्या काही सुरम्यांत शिसं असतं, ते तर एरवीही नको. फडताळातली काकांची जुनी थेंबांची बाटली आजच फेकून द्या.

पापण्या कशा साफ करायच्या ते आता मंजूने नीट वाचावं. तुझ्या पापण्यांच्या मुळाशी कोंडा दिसतो आणि सकाळी कडा चिकटतात, हे मी गणपतीत पाहिलं आहे. डॉक्टरांना ते दाखव. त्यांनी मलम किंवा पापण्या पुसायचे तयार वाइप्स दिले तर तेच वापरायचे. नाहीतर एवढंच करायचं: हात धुऊन स्वच्छ फडकं कोमट पाण्यात बुडवून पिळायचं, मनगटाच्या आतल्या बाजूला लावून चटका बसत नाही ना ते बघायचं आणि मिटलेल्या डोळ्यांवर पाचेक मिनिटं ठेवायचं. गार झालं की पुन्हा बुडवायचं. या शेकाने तुंबलेलं तेल पातळ होतं आणि कोंडा मऊ पडतो. मग उकळून गार केलेल्या पाण्यात कापसाचा बोळा भिजवून पिळायचा आणि मिटलेल्या पापणीच्या कडेवरून, नाकाकडून कानाकडे, हलक्या हाताने एकदाच पुसायचं. तो बोळा टाकून द्यायचा. दुसऱ्यांदा पुसायला नवा, दुसऱ्या डोळ्याला नवा. दिवसातून दोन वेळा पुरे. पापणी उलटून आतून पुसायची नाही, खपल्या नखाने ओढायच्या नाहीत आणि डोळ्यावर पाण्याचे हबके मारायचे नाहीत. पाणी रोज ताजं उकळा, झाकून ठेवा. डोक्यात कोंडा असेल तर त्याचाही उपाय करा, तोच पापण्यांवर उतरतो.

काही डॉक्टर ऑपरेशनच्या एक ते तीन दिवस आधी प्रतिजैविकाचे थेंब देतात, काही देत नाहीत. दोन्ही पद्धती चालतात. शेजारच्या काकूंना दिले होते म्हणून तू आणून घालू नकोस. दिले तर घालताना खालची पापणी खाली ओढायची, वर बघायचं आणि एकच थेंब सोडायचा. बाटलीचं तोंड पापणीला, केसांना, बोटाला कशालाही लागू द्यायचं नाही. लागलं की बाटलीच दूषित. डोळा हलकेच मिटून नाकाजवळचा कोपरा मिनिटभर दाबून धरायचा. दुसरं औषध असेल तर मध्ये पाच मिनिटं जाऊ द्यायची. बाटली फोडल्याची तारीख तिच्यावर लिहा. ही बाटली घरात दुसऱ्या कोणी वापरायची नाही.

आता सगळ्यात महत्त्वाचं. आत्या, लपवू नकोस. मी नेत्रविभागात काम करते, तिथे रोज हेच बघते. तारीख पुढे ढकलतील, नातेवाइकांची रजा फुकट जाईल, या भीतीने माणसं ऐन वेळेपर्यंत गप्प बसतात. तुझा डोळा सतत पाझरत असेल, नाकाजवळच्या कोपऱ्यात दाबल्यावर चिकट किंवा पिवळं काही येत असेल, तर अश्रूंची नळी तुंबलेली असू शकते. डॉक्टर त्या नळीत पाणी सोडून ती मोकळी आहे का ते बघतील. नसेल तर आधी तिचा उपाय, मग मोतीबिंदू. रांजणवाडी आली, डोळे आले, सर्दी-खोकला झाला, दाढ सुजली, लघवीला जळजळ झाली, पायाच्या बोटाची जखम ओली राहिली, यातलं काहीही असलं तरी सांगायचं. तुला साखर आहे, त्यामुळे पायाचं तर आठवणीने. घरात कोणाचे डोळे आले तर त्याचा टॉवेल, उशी वेगळी आणि तुझ्याजवळ त्याने यायचं नाही. २०२३ च्या पावसाळ्यात साथ आली तेव्हा घरंच्या घरं आजारी पडलेली तू पाहिली आहेस.

आदल्या दिवशी डोक्यावरून आंघोळ कर, कारण नंतर बरेच दिवस डोक्यावरून पाणी घेता येणार नाही. केसांना तेल नको. ऑपरेशनच्या दिवशी सकाळी साबणाने तोंड धू. कपाळाला कोरडं कुंकू, अष्टगंध, अंगारा नको, भुकटी पापणीवर झडते. टिकली लाव. क्रीम, पावडर काही नको. धुतलेली सुती साडी नेस. साखरेच्या आणि रक्तदाबाच्या गोळ्या आणि सकाळचं खाणं दवाखान्यात सांगतील तसंच, मनाने बंद-चालू करू नकोस. रक्त पातळ करायची गोळी चालू असेल तर तीही त्यांना दाखव.

ऑपरेशननंतर डोळा दुखू लागला, लाल झाला किंवा आदल्या दिवशी दिसत होतं त्यापेक्षा कमी दिसू लागलं, तर सकाळपर्यंत थांबायचं नाही, त्याच वेळी दवाखाना गाठायचा. मंजू, या वाक्याखाली लाल पेनाने रेघ मार.

आणि आत्या, इतकं करूनही डॉक्टरांनी पापणी बघून ‘आठ दिवसांनी या’ म्हटलं, तर नशिबाला बोल लावू नकोस. तुझ्या डोळ्यातला मोतीबिंदू आठ दिवस थांबू शकतो, पू थांबत नाही. मी रजा टाकली आहे. तारीख बदलली तर ती रद्द करून पुन्हा टाकेन, आमच्याकडे त्याचं कोणाला काही वाटत नाही. तेवढ्यासाठी तू कोपऱ्यातला चिकटपणा पुसून टाकून टेबलावर जाऊन निजू नकोस.

काकांना नमस्कार. मंजूला आशीर्वाद.

तुझी,
सुमन