कळसूबाईच्या छायेंत

शाळेंतील भूगोलांत महाराष्ट्राचें सर्वोच्च शिखर म्हणून कळसूबाईचें नांव आपण सर्वांनीं पाठ केलेलें असतें. उंची सुमारें ५,४०० फूट, म्हणजे १,६४६ मीटर, एवढें सांगितलें कीं विद्यार्थ्यास पुरे गुण मिळतात. परंतु ज्या मुलुखाचा हा मुकुटमणि, त्याची घडण, त्याचें पाऊसपाणी आणि त्याच्या कुशींत राहणारीं माणसें यांचा विचार आपल्या मनांत क्वचितच येतो.

हें शिखर अहिल्यानगर (पूर्वींच्या अहमदनगर) जिल्ह्यांतील अकोले तालुक्यांत, नाशिक जिल्ह्याच्या सीमेवर उभें आहे. सह्याद्रीची मुख्य रांग दक्षिणोत्तर जाते. तिच्यापासून पूर्वेकडे फुटलेल्या फांट्यावर कळसूबाईचें ठाणें आहे. त्याच फांट्यावर पश्चिमेस अलंग, मदन व कुलंग हे तीन दुर्घट किल्ले ओळीनें बसले आहेत.

हा सर्व प्रदेश अग्निरसाचा. सुमारें साडेसहा कोटी वर्षांपूर्वीं भूगर्भांतील तप्त रस वारंवार बाहेर पडून पसरला, व थिजून त्याचे काळ्या दगडाचे थरावर थर झाले. जेथें थर कठीण तेथें ताशीव कडा राहिला. जेथें ठिसूळ तेथें झिजून उतार झाला. म्हणूनच दुरून पाहणारास हा डोंगर पायऱ्यापायऱ्यांनीं रचल्यासारखा दिसतो. बारी गांवाहून चढणारास या पायऱ्यांची ओळख लवकरच पटते. उताराची वाट संपतांच कातळ आडवा येतो, आणि तेथें लोखंडी शिड्यांचा आश्रय घ्यावा लागतो.

माथ्यावर देवीचें लहानसें देऊळ आहे. आख्यायिका अशी कीं, कळसू नांवाची कोळ्याची मुलगी, भांडीं घासणार नाहीं व केर काढणार नाहीं या अटीवर पायथ्याच्या इंदोरे गांवीं एका घरीं कामास राहिली. एके दिवशीं घरच्यांनींच अट मोडली. सांगितलेलें काम तिनें निमूटपणें केलें व ती डोंगरावर गेली, ती पुन्हा खालीं उतरली नाहीं. त्या मानी पोरीची आज नवरात्रांत यात्रा भरते. घरीं कामास माणूस ठेवणाऱ्या आपणां गृहस्थांस ही कथा विचार करावयास लावील.

या फांट्याच्या उत्तर अंगास पडलेलें पाणी दारणेच्या खोऱ्यांत जातें, दक्षिण अंगाचें प्रवरेस मिळतें. आणि दोघी शेवटीं गोदावरींतच विलीन होतात. समुद्रावरून येणारे ढग सह्याद्रीच्या भिंतीस अडून वर चढतात, निवतात व तेथेंच रिते होतात. त्यामुळें कड्याच्या कांठावरील घाटघरास वर्षाकाठीं दोनशें इंचांच्या आसपास पाऊस पडतो, तर पूर्वेस संगमनेराकडे त्याच्या दशांशावर समाधान मानावें लागतें.

हें वैभव अडविण्यासाठीं १९१० सालीं भंडारदऱ्याच्या धरणाचें काम सुरू झालें व १९२६ सालीं तें पूर्ण झालें. उंची सुमारें २७० फूट. त्याच्या पाण्यावर खालच्या प्रवराकांठीं उंसाचे मळे उभे राहिले, साखरेचे कारखाने निघाले. आपल्या घरच्या साखरेच्या डब्यांत या डोंगराचा पाऊस थोडाफार आलेला असण्याचा संभव आहे.

परंतु खेदाची गोष्ट ही कीं, दोनशें इंचांच्या शेजारीं राहणाऱ्या महादेव कोळी व ठाकर लोकांच्या कित्येक वाड्यांवर चैत्र-वैशाखांत पाण्याची टंचाई असते. काळा कातळ पाणी फारसें मुरूं देत नाहीं, आणि तीव्र उतार तें थांबूं देत नाहीं. भेगाळलेल्या थराखालीं घट्ट थर लागला म्हणजे तेथें झरा फुटतो. उन्हाळ्यांत हे झरेही आटत जातात. मग डोक्यावर हंडा व कडेवर कळशी घेऊन चढउतार करण्याचें काम बायकांच्याच वांट्यास येतें. ज्या पर्वतानें साऱ्या खोऱ्याची तहान भागविली, त्याच्या पायथ्याचेंच घर कोरडें राहावें हा निसर्गाचा दोष म्हणतां येईल. परंतु खालीं पाणी पोंचविण्यास मोठी बुद्धि खर्चणाऱ्या माणसानें वरच्या वाडीसाठीं एखादें टांकें बांधणें व झऱ्यावरचें रान राखणें यांत कोणतें अवघड शास्त्र आहे?

कळसूबाईस जाणारांची गर्दी आतां पुष्कळ वाढली आहे. वाचकांनींही मुलांबाळांसह अवश्य जावें. मात्र उन्हाळ्यांत गेल्यास आपलें पाणी आपण न्यावें, आणि वाटेंत कोणा घरीं तांब्याभर पाणी मिळालेंच, तर तें किती दुरून आलें हें त्या माउलीस एकदां विचारावें.