उसना आवाज

गणपतीत आमच्या चाळीत वर्गणीतून व्हीसीआर भाड्यानं यायचा. एका रात्रीत तीन कॅसेटी. पहिल्या दोन हिंदी, तिसरी ‘इंग्लिश’. तिसरी लागली की पोरांना झोपायला पिटाळत. मी गोधडीत तोंड खुपसून एक डोळा उघडा ठेवायचो. त्या फटीतून मला पहिल्यांदा मार्क ग्रेगरी हा नट दिसला.

खांद्यावर रुळणारे केस, बिनबाह्यांचं चामडी जाकीट, मोटरसायकलवर कवटी. आणि चाल! पाठीला कुणी फळी बांधलीय अशी. बाप्ये खो-खो हसत होते. मला खुपलं ते निराळंच. त्याचे ओठ मिटले तरी आवाज चालूच होता. शेजारचे नाना म्हणाले, “टेप खराब आहे.” मला पटलं नाही. टेप खराब असती तर मोटरसायकलचा आवाजही मागे पडला असता की!

पुढे कळलं, तो सिनेमा मुळात इंग्लिश नव्हताच. ‘१९९०: द ब्राँक्स वॉरियर्स’, एन्झो कास्तेल्लारीचा १९८२ चा इटालियन सिनेमा, ‘एस्केप फ्रॉम न्यूयॉर्क’ आणि ‘द वॉरियर्स’वरून उघड उसनवारी केलेला. तिकडे तेव्हा सेटवरचा आवाज ठेवण्याची पद्धतच नव्हती. नट आपापल्या भाषेत बोलत, नंतर डबिंगच्या खोलीत ज्या देशाला जी हवी ती भाषा त्यांच्या तोंडी बसवली जाई. नावंही तशीच. हा मार्क म्हणजे रोमचा मार्को दि ग्रेगोरिओ. सतरा-अठराचा, व्यायामशाळेतून थेट उचललेला, आणि समोर व्हिक मॉरो, फ्रेड विल्यमसनसारखी मुरलेली माणसं.

मग मार्कच्या ‘थंडर’ या सिनेमाचे तीन भाग झाले. त्यांचा दिग्दर्शक फाब्रिझिओ दे आंजेलिसही पडद्यावर ‘लॅरी लडमन’! मार्कचा एक सिनेमा तर चक्क उत्तर कोरियात चित्रित झाला. १९८९ नंतर तो पडद्यावर दिसला नाही. जेमतेम सात वर्षं.

मी डबिंग करतो. घर त्यावरच उभं राहिलं. पहिलं काम मिळालं एका गुंडाच्या हस्तकाचं, चार वाक्यांचं. अकरा टेक झाले तरी ओठ बसेनात. घरी येऊन ती जुनी कॅसेट शोधून आणली आणि आवाज बंद करून पाहिली.

त्यात पुलाजवळ, नदीकाठी टोळ्या समोरासमोर येतात आणि एक माणूस बाजूला एकटाच ड्रम बडवत बसलेला असतो. मार्क नुसता उभा. आवाज नसताना हसू आलं नाही. हात कुठं ठेवावेत ते न कळलेला एक मुलगा दिसला. आणि दिसलं की बोलण्याआधी त्याचा खांदा किंचित वर जातो. शब्द ओठांतून निघतो, पण त्याची वर्दी खांदा देतो. दुसऱ्या दिवशी मी त्या हस्तकाच्या ओठांकडे पाहिलंच नाही. त्याच्या खांद्याबरोबर श्वास घेतला. दुसऱ्या टेकला ओके.

ज्याच्याकडून हे शिकलो त्याचा स्वतःचा आवाज मी आजवर ऐकलेला नाही.

परवा एका नव्या मुलीनं कुरकुर केली, “सर, हा नट अगदीच ठोकळा आहे हो. याला काय आवाज द्यायचा?”

मी कन्सोलवरच्या पोराला म्हटलं, “आवाज बंद कर, आणि सीन पहिल्यापासून लाव.”