साथीचं ऋण

पु. ल. देशपांड्यांशी माझी कधी ओळख झाली नाही. त्यांच्या घराची पायरी मी चढले नाही, त्यांना कधी पत्रही घातलं नाही. तरी माझं पोट ज्यावर चाललं ते काम आणि माझा जीव ज्यात रमला ती पेटी, या दोन्हींचं देणं मोजायला बसले की पहिलं नाव त्यांचंच येतं. महाराष्ट्र ज्या पु. लं.ना तोंडपाठ ओळखतो, अंतू बर्वा आणि सखाराम गटणे यांच्या त्या पु. लं.विषयी मी इथे लिहीत नाही. ते सगळ्यांचेच आहेत. मला सांगायचं आहे ते सिनेमावाल्या, टेलिव्हिजनवाल्या आणि पेटीवाल्या पु. लं.विषयी.

माझं माहेर बेळगावचं. तिथे त्यांचं नाव घरातल्या माणसासारखं घेतलं जायचं. काही काळ ते राणी पार्वतीदेवी कॉलेजात शिकवायला होते. पुढे ‘गणगोत’मध्ये त्यांनी आमच्या गावच्या रावसाहेबांचं चित्र काढलं आणि कानडी हेलाचं आमचं मराठी पुण्यामुंबईची माणसं प्रेमानं वाचू लागली. पेटीचं तर ते गावच. जुनी माणसं विठ्ठलराव कोरगावकरांच्या बोटांविषयी बोलायला लागली की पानावरचं जेवण निवून जायचं. मी ज्यांच्याकडे शिकायला जाई, त्या गुरुजींच्या घरी पायपेटी होती, हातपेटी होती, आणि कोपऱ्यात एक रेडिओ होता. त्या रेडिओवर पेटी मात्र कधी लागत नसे.

कारण पेटीला आकाशवाणीवर मज्जाव होता. मार्च १९४० पासून. परदेशी वाद्य, बारा पट्ट्यांत जखडलेले सूर, मींड नाही, आंदोलन नाही, श्रुतींना जागा नाही, असे आक्षेप होते. आक्षेप घेणारी माणसंही लहान नव्हती. खुद्द रवींद्रनाथ ठाकूर पेटीच्या विरोधात होते. माझी आत्या म्हणायची, “जे वाद्य सरकारलाच नको, ते पोरीला कशाला शिकवता?” गुरुजी एरवी फार बोलत नसत. त्या दिवशी म्हणाले, “अहो ताई, पु. ल. देशपांडे पेटीवाले आहेत, आणि ते आकाशवाणीत साहेब होऊन गेलेत.” आत्याचा प्रश्न त्यानं सुटला नाही, माझा सुटला. शिकवणी चालू राहिली.

मोठेपणी या गोष्टीचा अर्थ मला अधिक लागत गेला. लहानपणी दत्तोपंत राजोपाध्यांकडे पेटी शिकलेला माणूस १९५५ मध्ये आकाशवाणीच्या नोकरीत शिरतो, तेव्हा त्याचं स्वतःचं वाद्य त्या इमारतीत वर्ज्य असतं. आजोबा ऋग्वेदींनी ‘गीतांजली’ अभंगांत आणलेली, म्हणजे रवींद्रनाथांची भक्ती घरातच होती. त्या रवींद्रनाथांनाही पेटी नको. पु. लं.नी यातलं काहीच टाकलं नाही. पेटी वाजवत राहिले, आकाशवाणीचं काम जीव लावून केलं, आणि पन्नाशीला आल्यावर शांतिनिकेतनात जाऊन विद्यार्थ्यासारखे बंगाली शिकले. आपल्याला प्रिय असलेल्या दोन गोष्टींचं एकमेकींशी पटत नसलं तरी दोन्हींवर प्रेम करता येतं, हे मी त्यांच्याकडे पाहून शिकले. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला ती बंदी काही अंशी सैल झाली तेव्हा गुरुजींनी आम्हा मुलांना पेढे वाटले होते.

पेटीवरचे आक्षेप खोटे होते असं मात्र मी म्हणणार नाही. दरबारीचा गंधार पेटीवर मिळत नाही. कितीही भाता मारा, कितीही हलकं बोट ठेवा, तो दोन पट्ट्यांच्या मधल्या फटीत राहतो. पण म्हणूनच साथीला बसलेल्या पेटीवाल्याला गायकाकडे कान लावून बसावं लागतं. आपल्याला जे जमणार नाही ते समोरचा करत असताना आपण किती वेळ थांबायचं, त्याच्या श्वासाच्या जागी कोणता सूर धरायचा, त्याची तान परतून येईपर्यंत षड्ज कसा हलू द्यायचा नाही, हे सगळं साथीत येतं. साथीदार गायकाच्या अर्धी मात्रा मागे असतो. त्यानं पुढे जायचं नसतं, मागेही पडायचं नसतं. वसंतराव देशपांड्यांच्या मागे पु. लं.ची पेटी ऐकली की हे कानांना समजतं. वसंतराव कुठल्या वळणानं कुठे जातील याचा भरवसा नसे, आणि ही पेटी त्यांना अडवतही नाही, सोडतही नाही. मधूनच एखादी जागा अशी घेते की गाणाऱ्याला पुढची सुचावी.

पु. लं.च्या सगळ्या धडपडीचं मूळ मला या साथीत दिसतं. सिनेमातसुद्धा.

सिनेमात ते १९४७ च्या ‘कुबेर’पासून होते. नट होते, पटकथा लिहिल्या, संवाद लिहिले, चाली दिल्या. राम गबाले, ग. दि. माडगूळकर, सुधीर फडके, ही सगळी मंडळी तेव्हा ऐन उमेदीत होती, आणि पुण्याच्या मराठी सिनेमात हातात हात घालून काम चाललेलं होतं. १९५३ साली दोन चित्रपट आले. ‘देवबाप्पा’ गबाल्यांचा, त्याला संगीत पु. लं.चं. ‘नाच रे मोरा’ त्यातलं. माडगूळकरांचे शब्द, आशा भोसल्यांचा आवाज, आणि चाल अशी की चार वर्षांच्या पोराला ओढाताण न होता म्हणता यावी. साधी चाल बांधणं किती अवघड असतं हे ज्यानं एकदा करून पाहिलंय त्यालाच ठाऊक. दुसरा चित्रपट ‘गुळाचा गणपती’. कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि नायकाची भूमिका, सगळं पु. लं.चं. ‘सबकुछ पु. ल.’ हा शब्द तेव्हापासून त्यांना चिकटला.

मी तो मुंबईत आल्यावर पाहिला, टेलिव्हिजनवर शनिवारी संध्याकाळी मराठी चित्रपट लागायचा तेव्हा, सासरच्या सगळ्या माणसांबरोबर. घरातले हसत होते. मी गाण्यांपाशी अडकले होते. हा माणूस गातो, त्याला सूर आहे, चित्रपट सगळा त्याच्या हातात आहे. आणि गाणी मात्र त्यानं वाटून टाकलेली. शब्द माडगूळकरांचे. ‘इंद्रायणी काठी’ भीमसेन जोशींना. माणिक वर्मा आहेत, वसंतराव आहेत. भीमसेन तेव्हा तिशी नुकती ओलांडलेले, मैफलीचे गवई. त्यांचा तो भरदार आवाज सिनेमाच्या तिकिटात खेडोपाडी पोचला. ‘सबकुछ’ हे बिरुद मला त्या दिवसापासून अपुरं वाटतं. ज्याच्या हाती सगळं होतं त्यानं चांगल्यातला चांगला वाटा दुसऱ्यांना दिला, हे त्यात येत नाही. नायक म्हणून ते पडद्यावर आहेतच, भोळे, स्वप्नाळू, धडपडणारे. गाण्यांत मात्र ते पेटीवाल्याच्या जागी बसलेत.

त्यानंतर त्यांनी दिग्दर्शक म्हणून चित्रपट केला नाही. पुष्कळ जण याची हळहळ करतात. मलाही वाटते. पण ती वाट सुटली नसती तर ते टेलिव्हिजनकडे वळले असते का, असंही मनात येतं.

१५ सप्टेंबर १९५९ ला दिल्लीत भारताचा टेलिव्हिजन सुरू झाला. युनेस्कोच्या मदतीनं चाललेला तो प्रयोग होता. आठवड्यातून दोनदा थोडा वेळ प्रक्षेपण, आणि दिल्लीच्या परिसरात लोकांनी एकत्र बसून पाहायचे मोजके संच. आकाशवाणीचाच तो एक कोपरा. बी. बी. सी.त प्रशिक्षण घेऊन आलेले पु. ल. तिथे पहिल्या निर्मात्यांपैकी एक होते. त्या प्रशिक्षणाच्या प्रवासाचं ‘अपूर्वाई’ हे पुस्तक झालं आणि घराघरांत गेलं. ज्या कामासाठी प्रवास झाला ते काम मात्र विस्मरणात गेलं. नव्या माध्यमात पंडित नेहरूंची पहिली मुलाखत घेण्याचा मान त्यांच्याकडे जातो, एवढं लोक सांगतात आणि पुढे जातात.

मी पुढे जाऊ शकत नाही, कारण मी त्याच धंद्यातली. मुंबईचं केंद्र २ ऑक्टोबर १९७२ ला सुरू झालं, त्यानंतर काही वर्षांनी मी या कामात आले. आमच्या हाताशी चित्रमुद्रणाची यंत्रं होती, संकलनाची खोली होती, चुकलं तर पुन्हा घेता येत होतं. दिल्लीच्या त्या सुरुवातीच्या दिवसांत बहुतेक कार्यक्रम थेट जायचे. नट विसरला तर विसरलेला जायचा. कॅमेऱ्याच्या तारेत पाय अडकला तर तेही. असल्या ठिकाणी निर्मात्याला दोन गोष्टी लागतात: पुढचं आधी ऐकू येणं आणि घाबरलेल्या माणसाला आधार देता येणं. दोन्ही साथीदाराच्या आहेत. नाटक, संगीत, सिनेमा, रेडिओ एवढं सगळं करून त्या खोलीत शिरलेला दुसरा माणूस तेव्हा देशात शोधून सापडला असता का, मला शंका आहे.

याचा मला झालेला उपयोग सांगते. लावणी गाणाऱ्या एका वृद्ध बाईंना आम्ही बोलावलं होतं. बैठकीची लावणी, अदाकारीची, हातानं आणि डोळ्यांनी सांगायची. बाई आल्या त्या नऊवारीचा पदर घट्ट ओढून खुर्चीवर बसल्या आणि दिवे लागताच त्यांचं बोलणं थांबलं. मुलाखतकार प्रश्न विचारी, त्या “व्हय जी” म्हणत आणि खाली बघत. पुढच्या कार्यक्रमाची वेळ जवळ येत होती. मला पेटीवाले पु. ल. आठवले. नियंत्रण कक्षातून मी खाली गेले, खुर्ची काढायला सांगितली, सतरंजी टाकली, सामानाच्या खोलीतून पेटी आणवली आणि स्वतः त्यांच्या मागे, चौकटीच्या बाहेर बसले. “बाई, पट्टी कुठली तुमची?” असं विचारलं. त्यांनी मान न वळवता गुणगुणून दाखवली. काळी चार. मी सूर धरला आणि काहीच केलं नाही, नुसता धरून ठेवला. थोड्या वेळानं त्यांचा उजवा हात पदरातून बाहेर आला. मग त्या गायल्या, आणि गाताना मध्येच थांबून बोलू लागल्या: आई कशी शिकवायची, कुठल्या शब्दावर भुवई आणि कुठल्या शब्दावर फक्त नजर. मुलाखतकारानं प्रश्नांचा कागद खाली ठेवला. मी तंबोऱ्यासारखी षड्ज देत राहिले.

त्यानंतर मी माणसांना बोलतं करण्याचं काम असंच केलं. प्रत्येक वेळी पेटी नसे, पण आधी त्यांची पट्टी विचारायची हे सुटलं नाही. नव्या मुलांना मी हेच शिकवलं. त्यातली काही आता मोठ्या वाहिन्यांवर आहेत आणि त्यांच्या कार्यक्रमात पाहुण्याला बोलायला अवकाश मिळतो, ते पाहून मला फार बरं वाटतं.

दिल्लीची नोकरी पु. लं.नी सोडली आणि ते रंगभूमीकडे परतले. ‘बटाट्याची चाळ’ एकट्यानं उभी केली. तिथेही एकटं असणं नावापुरतंच. पत्नी सुनीताबाईंनी त्या प्रयोगांची जी शिस्त सांभाळली ती निर्मात्याची शिस्त होती, आणि त्यांचं ‘आहे मनोहर तरी’ वाचताना मला ते पानोपानी जाणवतं. पडद्यामागे उभं राहून समोरच्याचं काम निर्धोक करणाऱ्या त्या बाईंचंही मी देणं लागते. पुढे दोघांनी मिळून बोरकरांच्या, मर्ढेकरांच्या कवितांचं वाचन केलं, तेव्हा नावाजलेली ही दोन माणसं कवीची साथ करत बसली. नरिमन पॉइंटच्या राष्ट्रीय संगीत-नाट्य केंद्रात पु. लं.नी लोककला, नाट्यसंगीत, जुने गवई यांच्यासाठी जे केलं, त्याचीही जात तीच. ‘ती फुलराणी’त भक्ती बर्वेंना आकाश मिळालं. मला तरी त्यांच्या प्रत्येक कामात कुणीतरी दुसरं उजेडात आलेलं दिसतं.

त्यांच्या विनोदावर पुस्तकं आहेत, अभ्यास आहेत. संगीतकार पु. लं.विषयी मात्र पेटी शिकणाऱ्या मुलाच्या हातात ठेवावं असं काही मला मिळालं नाही. निवृत्तीनंतर मी मुलांना शिकवते, त्यांच्यासाठी या चालींचं स्वरलेखन करायला घेतलं आहे. ‘देव पावला’तली, ‘देवबाप्पा’तली, ‘गुळाचा गणपती’तली गाणी झाली. पाडगावकरांच्या कवितांना चाली देऊन केलेल्या आणि अभिषेकीबुवांनी गायलेल्या भावगीतांपाशी मी सध्या थांबले आहे, कारण बुवांच्या गळ्यातल्या काही जागा पट्टीवर बसत नाहीत. तिथे कागदावर काय लिहायचं ते ठरत नाही. बेळगावच्या माझ्या एका गुरुबंधूंना त्या जागा पाठवल्या आहेत. दिवाळीला ते येणार आहेत, तेव्हा दोघं मिळून वाजवून पाहू.