रंग सांगणारा ड्रॉपर

रंगांना नावं ठेवण्यात आपल्या बायकांचा हात कुणी धरणार नाही. अबोली, मोतिया, आमसुली, डाळिंबी, शेवाळी, विटकरी, चिंतामणी! साडीच्या दुकानात ही नावं उच्चारायचा अवकाश, की दुकानदार नेमका तोच गठ्ठा खाली ओढतो. मला ही लहानपणापासून मंत्रविद्या वाटत आली आहे. कारण यांतल्या निम्म्या रंगांत मला फरकच दिसत नाही. मी रंगांधळा आहे. आणि पोटासाठी धंदा करतो तो कोल्हापुरात लेबलं, पत्रिका आणि मिठाईचे खोके सजवून देण्याचा!

हसू आलं ना? येऊ द्या. माझ्या आत्याला अजून येतं.

रंगांधळ्याला सारं जग काळंपांढरं दिसतं, असा पुष्कळांचा समज असतो. तसं काही नाही. निळा आणि पिवळा मला तुमच्याइतकेच स्वच्छ दिसतात. घोळ होतो तो तांबड्या-हिरव्याचा आणि त्यांच्या शेजारच्या तपकिरीचा. हे वाण आईकडून येतं आणि येतं ते बहुधा मुलाच्याच वाट्याला. आई स्वतः खुशाल अबोली आणि मोतियातला भेद सांगत बसते. माझ्या आईनं मात्र त्यावर उपाय काढला होता. खडूंच्या प्रत्येक कांडीला ती नावाची चिठ्ठी चिकटवून देई. चिठ्ठी निघाली की माझी झाडं बिघडत.

या बाबतीत माझे पूर्वज मोठे आहेत. अणुसिद्धान्त मांडणारा इंग्रज शास्त्रज्ञ जॉन डाल्टन हा रंगांधळा होता. १७९४ साली त्यानं स्वतःच्या दृष्टीवर निबंध वाचला. आपल्या डोळ्यांतला द्रव निळसर असला पाहिजे, अशी त्याची समजूत. मेल्यावर डोळे उघडून पाहा, असं त्यानं सांगून ठेवलं होतं. १८४४ साली तो वारला, डोळे तपासले, तर द्रव नितळ! ते डोळे मात्र जपून ठेवले गेले, आणि १९९५ साली त्यांतल्या डीएनएवरून त्याचा दोष नक्की झाला. हिरवा टिपणाऱ्या पेशींची उणीव. माझीही तीच. फक्त मला ते कळायला दीडशे वर्षं लागली नाहीत. एका नोकरीच्या वैद्यकीय तपासणीत डॉक्टरांनी इशिहारांच्या ठिपक्यांचं पुस्तक पुढं धरलं, मला ठिपक्यांत आकडा दिसेना, आणि दोन मिनिटांत निकाल लागला.

तर अशा माणसाला धंद्यात कुणी तारलं? कॉम्प्युटरवरच्या कलर पिकरनं. जुन्या पेनात शाई भरायला जो ड्रॉपर असे, त्याचंच चित्र त्याला असतं. पडद्यावरच्या हव्या त्या ठिकाणी तो टेकवायचा, की तिथल्या रंगाचे तीन आकडे तो सांगतो : तांबडा किती, हिरवा किती, निळा किती. प्रत्येक आकडा ० ते २५५ मधला. एवढ्यावर १,६७,७७,२१६ रंग होतात. आमच्या घरातल्या बायकांनासुद्धा इतकी नावं पुरवता यायची नाहीत. फोटोशॉपमध्ये हा असतोच. मायक्रोसॉफ्टचं पॉवरटॉइज घेतलं तर विंडोज, शिफ्ट आणि सी ही तीन बटणं दाबून तो पडद्यावर कुठंही चालतो. आईच्या चिठ्ठ्या आता एकेका बिंदूवर चिकटल्या आहेत म्हणा ना.

२०१९ सालची गोष्ट. वेंगुर्ल्याच्या एका बाईंचा घरगुती चटण्यांचा धंदा. लसणीची चटणी आणि सुकटीची चटणी, दोन्हींची लेबलं एका साच्यातली. तेव्हा शाकाहारी पदार्थावर चौकटीत हिरवा ठिपका आणि मांसाहारी पदार्थावर चौकटीत तपकिरी ठिपका असे. आकार एकच! छापखान्याच्या मुलानं जुळणी करून फाइल पाठवली, दहा हजार लेबलं रात्रीत मशीनवर चढायची होती. मला दोन्ही ठिपके सारखेच दिसले. ते नेहमीच दिसतात. म्हणून सवयीप्रमाणे ड्रॉपर टेकवला. लसणीवर तांबडा ०, हिरवा १२८, निळा ०. बरोबर. सुकटीवर टेकवला, तर पुन्हा ०, १२८, ०! सुकट शाकाहारी झाली होती.

बाईंना फोन केला. त्या क्षणभर गप्पच राहिल्या, मग म्हणाल्या, "भाऊ, माझी निम्मी गिऱ्हाइकं माळकरी हत. कुणी विश्वासानं तोंडात घातली असती तर मी त्यांना तोंड कसं दाखवलं असतं?"

पुढं २०२० च्या नियमांत अन्न सुरक्षा प्राधिकरणानं मांसाहारी खुणेचा ठिपका काढून तपकिरी त्रिकोण आणला. आमच्यासारख्यांची मोठी सोय झाली. रंगाबरोबर आकारही बदलला की गोष्ट सोपी होते, हे सुचायला इतकी वर्षं का लागावीत, कोण जाणे.

ड्रॉपरच्याही खोड्या आहेत. अक्षराच्या कडेवर टेकवाल तर फसाल. कड गुळगुळीत दिसावी म्हणून तिथं अक्षराचा आणि मागचा रंग एकमेकांत मिसळलेला असतो. अक्षराच्या पोटात टेकवावा. फोटोवर एकाच बिंदूचं ऐकू नये, पाच गुणिले पाच बिंदूंची सरासरी घ्यावी. आणि पिवळ्या दिव्याखाली काढलेल्या फोटोतली साडी तो त्या दिव्यासकट सांगतो; साडी कशी होती, हे त्याला विचारून उपयोग नाही. छपाईचं तर निराळंच. पडदा उजेडानं रंगतो, कागद शाईनं. पडद्यावरचे काही झगझगीत रंग शाईत उतरतच नाहीत; म्हणून नमुना छापून घेतो आणि तो बायकोला दाखवतो. तिथं आकडे चालत नाहीत, तिचं नाक मुरडणं चालतं.

धाकट्या बहिणीचा मुलगाही माझ्याच वळणावर गेला आहे. चित्रकलेच्या तासाला गवत पिवळं केलं म्हणून बोलणी खाऊन आला. मी त्याच्या कॉम्प्युटरवर पिकर बसवून दिला आणि पन्हाळ्यावर काढलेला एक फोटो उघडला. त्यानं गवतावर ड्रॉपर टेकवला.

"तांबडा १८१, हिरवा १५९, निळा १०४," तो वाचत म्हणाला. "मामा, हिरव्यापेक्षा तांबडाच जास्त आहे की! मग हे गवत हिरवं कसं?"

"मार्चातलं आहे," मी म्हणालो.