किंगरीचा कौल

भविष्य जाणण्याची हौस सुशिक्षितांत कमी असते, असे समजण्याचे काही कारण नाही. पंचांग, पत्रिका आणि वर्तमानपत्रातील राशिफल ही आमच्या मध्यमवर्गीय घरांत चहाइतकीच रुळलेली आहेत. कुडमुड वाजवीत दारी आलेल्या जोश्याला आपण हसतो. पण तोच जोशी सदरा बदलून, दिवाणखान्यात बसून, दक्षिणेचा आकडा वाढवून बोलू लागला की आपण कान टवकारतो. तेव्हा कोरपन्याकडील एका गोंड गुड्यावर देवाला कौल लावताना मी जे पाहिले व ऐकले, ते सांगताना वरच्या पायरीवर उभे राहण्याचा अधिकार मला आहे असे मी मानीत नाही.

कोरपना हा जुन्या राजुरा तालुक्याचा भाग. निजामाच्या राज्यात तो आदिलाबादकडे होता, १९५६ साली नांदेडला जोडला गेला, आणि १९५९ साली चांद्यास आला. सरकारे बदलली तरी माणसे तीच राहिली. म्हणून आजही तेथे एकाच ओसरीवर गोंडी, कोलामी, तेलुगू आणि मराठी ऐकू येतात. वर काळ्या मातीत कापूस आणि खाली चुनखडी. ह्या चुनखडीमुळे सिमेंटचे कारखाने आले व माणसांपुढे नवे प्रश्न उभे राहिले.

येथील गोंडांचा देव पेर्सा पेन, म्हणजे थोरला देव. त्याची पूजा गोंडानेच करावयाची. पण परधानाच्या किंगरीवाचून ती पुरी होत नाही. परधान हा गोंडांचा वंशपरंपरागत भाट. त्याची किंगरी, गोंडीत किकरी, हे तीन तारांचे, कातड्याने मढविलेले आणि घोड्याच्या केसांच्या गजाने वाजवावयाचे वाद्य. मंडल्याकडे अशी कथा सांगतात की देव रुसून ऐनाच्या झाडात शिरला, तेव्हा सात भावांतील धाकट्याने एक वाद्य घडविले आणि ते वाजवून त्याला प्रसन्न केले. तो धाकटा भाऊ परधानांचा मूळपुरुष. देव गाण्यास वश होतो ही कल्पना आम्हांलाही नवी नाही. पण येथे ती केवळ भक्तीची बाब नसून नात्यातील हक्काची आहे, हे विशेष.

मी गेलो त्या रात्री म्हाताऱ्या परधानाने दिवेलागणीनंतर गज हाती घेतला. माझा एक विद्यार्थी, त्याचाच नातू, माझ्याशेजारी बसून हलक्या आवाजात अर्थ सांगत होता. गुहेत कोंडलेले देव लिंगोने कसे सोडविले; चार देवे, पाच देवे, सहा देवे, सात देवे अशी कुळे कशी वाटली गेली; मग ह्या कुळाचे पूर्वज कोठून निघाले, कोठे थांबले. मध्यरात्र उलटली तरी भविष्याचे नाव नाही! माझ्यातील प्राध्यापक चुळबुळ करू लागला, हे सांगावयास हरकत नाही. अखेर ज्याच्या अंगात देव येतो तो भक्तल थरथरू लागला. पावसाचा प्रश्न दोन वाक्यांत आटोपला. मग एका वृद्ध शेतकऱ्याने विचारले, खाणीसाठी शेत मागतात, द्यावे की नको? भक्तल म्हणाला, "आता जी नावे घेतली, त्यांतल्या कोणी हे रान तोडले ते सांग." वृद्धाने आज्याचे नाव घेतले. "मग त्याच्यादेखत बोल." एवढेच. म्हाताऱ्याने गज खाली ठेवला.

होय नाही, नाही नाही. कोल्हापूर जिल्ह्यात पट्टणकोडोलीला विठ्ठल-बिरदेवाच्या यात्रेत ढोल-कैताळांच्या गजरात फरांडेबाबा भाकणूक सांगतात, ती अधिक स्पष्ट असते; पाऊस, पीक, महागाई, राज्यकारभार ह्यांविषयी लोकांच्या हाती काहीतरी ठाम पडते. कोरपन्याला जे पडले ते निराळे. पाच तास भूतकाळ आणि पाच मिनिटे भविष्यकाळ, हे प्रमाण मला विचार करण्यासारखे वाटते. आमचे ज्योतिषी एकदम पुढचे बोलतात. आज्याचे नाव ते विचारतात ते गोत्र जुळविण्यापुरते. त्याने कोणते रान तोडले, हे कोणी विचारीत नाही. अंगात येण्याच्या नावाखाली भोळ्या माणसांना लुबाडणारे पुष्कळ आहेत, आणि त्यांच्याविरुद्धचा २०१३ चा महाराष्ट्राचा कायदा मला पूर्णपणे मान्य आहे. पण त्या रात्री कोणी कोणाला भिवविले नाही. त्या वृद्धाने त्या वर्षी शेत दिले नाही; पुढच्या वर्षी भावांशी बोलून अर्धे दिले. ह्यात देवाचे किती आणि भावांचे किती, हे मला सांगता येणार नाही.

अवघड गोष्ट निराळीच आहे. ही नावे कोणत्याही दप्तरात नाहीत. ती परधानाच्या गळ्यात आहेत. ऑस्ट्रियन अभ्यासक हायमेनडॉर्फ ह्यांनी १९४१ पासून आदिलाबादेत राहून गोंडांविषयी पुष्कळ टिपून घेतले, त्यांचा ग्रंथ १९४८ साली निघाला; परंतु प्रत्येक गुड्याचे प्रत्येक कूळ कोणत्या ग्रंथात मावणार? आणि परधानांची मुले आता शिकतात, नोकऱ्या धरतात, भिक्षुकीचा शिक्का त्यांना नको आहे. तो नको असणे अगदी योग्य आहे. माझा विद्यार्थी रसायनशास्त्राचा. किंगरी त्याला वाजविता येत नाही. मी त्याला सुचविले की निदान आजोबांचे गाणे मोबाइलवर उतरवून घ्यावे.

म्हाताऱ्याने ते यंत्र हातात घेऊन उलटसुलट पाहिले आणि परत दिले. "हे हुंकार देत नाही," तो म्हणाला. गाणाऱ्याला दर ओळीमागे कोणीतरी 'हो' म्हणावे लागते, नाहीतर पुढचे नाव आठवत नाही. मी हुंकार देतो म्हटले, तेव्हा त्याने आदराने विचारले, "गुरुजी, गोंडी समजते काय?" शेवटी नातूच बसला. यंत्र बाजूला चालू होते. पहिल्या रात्री त्याला तीनदा डुलकी लागली, आणि तिन्ही वेळा म्हाताऱ्याने गाणे थांबवून त्याला गजाच्या टोकाने हलविले.