शंका घेण्याची रीत

चिंचवड

प्रिय सई,

चाकणला क्वालिटीत रुजू झाल्यापासून तुझ्या बोलण्यात एक गोष्ट वारंवार येते. ड्रॉइंगमधलं एखादं माप खटकलं आणि तू विचारलंस, की उत्तर मिळतं, "पहिल्यापासून असंच आहे." परवा तू विचारलंस, की आपल्याहून जाणत्या माणसांच्या कामावर शंका घेणं म्हणजे उद्धटपणा का गं, आत्या? फोनवर मी एवढंच म्हटलं की शंका घेण्याची एक रीत असते. ती रीत मला ज्यांच्याकडून कळली, त्यांची गोष्ट आज सविस्तर लिहिते.

सहाव्या शतकात, इजिप्तमधल्या अलेक्झांड्रिया शहरात जॉन फिलोपोनस नावाचा एक भाष्यकार होऊन गेला. ॲरिस्टॉटलचे ग्रंथ समजावून सांगणं हे त्याचं काम. ॲरिस्टॉटलला जाऊन तेव्हा आठशेहून अधिक वर्षं झाली होती आणि निसर्गाबद्दल त्याचा शब्द प्रमाण मानला जात होता. भाष्य करायचं म्हणजे ग्रंथातलं एकेक वाक्य घ्यायचं, त्याचा अर्थ लावायचा, आधीच्यांनी काय म्हटलंय ते सांगायचं आणि अडचण असेल तर तीही मांडायची. ५१७ च्या सुमारास फिलोपोनस असाच ॲरिस्टॉटलच्या 'फिजिक्स'वर लिहीत होता.

ॲरिस्टॉटलचं म्हणणं होतं, की वस्तू जितकी जड तितकी ती वेगाने खाली येते. दुप्पट वजनाला निम्मा वेळ. फिलोपोनसने लिहिलं, की एकमेकांपेक्षा कितीतरी पट कमीजास्त वजनाच्या दोन वस्तू एकाच उंचीवरून सोडून पाहा. त्यांच्या पडण्याच्या वेळेत फार थोडा फरक दिसतो.

दुसरा प्रश्न फेकलेल्या दगडाचा. हात सुटल्यावर दगड पुढे का जातो? ॲरिस्टॉटलच्या मते, फेकणारा हवेला गती देतो आणि ती हवा दगडाला पुढे नेते. फिलोपोनसने विचारलं, असं असेल तर दगडाला हात कशाला लावायचा? काठीच्या टोकावर दगड ठेवा आणि मागून यंत्राने हवी तेवढी हवा मारा. दगड हातभरसुद्धा पुढे जात नाही. म्हणजे फेकणाऱ्याने दिलेली शक्ती दगडातच उतरत असली पाहिजे. आपल्याकडच्या वैशेषिक सूत्रांमध्येही बाणाबद्दल असाच विचार आहे: पहिली गती धक्क्याने, पुढची त्या गतीने बाणात निर्माण केलेल्या संस्काराने, आणि तो संस्कार संपला की गुरुत्वामुळे पतन.

आता महत्त्वाचं. फिलोपोनसचंही सगळं बरोबर नव्हतं. निर्वात जागेतही जड वस्तूच लवकर पडेल, असं तो मानत होता. दगडात उतरलेली शक्ती आपोआप संपते, असंही त्याला वाटे. पुढे इब्न सिनाने, चौदाव्या शतकात पॅरिसच्या बुरिदानने हा धागा आणखी पुढे नेला. गॅलिलिओने आपल्या सुरुवातीच्या लिखाणात फिलोपोनसचं नाव घेतलं आहे. प्रत्येकाने आधीच्याचं नीट वाचलं, म्हणून कुठे थांबायचं आणि कुठून पुढे जायचं हे त्याला कळलं.

फिलोपोनसचा एक गुरुबंधू होता, सिंप्लिशियस. दोघेही अमोनियसचे शिष्य, पण सिंप्लिशियसला फिलोपोनसचं म्हणणं मुळीच पटत नसे आणि त्याने ते अतिशय कडक शब्दांत लिहून ठेवलं आहे. तरी खोडून काढण्याआधी तो समोरच्याचं म्हणणं उतरवून घेई. जग अनादी आहे या ॲरिस्टॉटलच्या मताविरुद्ध फिलोपोनसने लिहिलेला ग्रंथ आज हरवला आहे. त्यातलं जे हाती आहे, ते बहुतांशी या विरोधकानेच जपलेलं! सॉक्रेटिसच्याही आधीच्या पार्मेनिडीसच्या ओळी त्याने मुद्दाम लांबलचक उतरवल्या, कारण ते पुस्तक तेव्हाच दुर्मिळ झालं होतं. ज्याच्याशी भांडायचं त्याचं म्हणणं पुरतं मांडायचं, ही सचोटी मला फार मोलाची वाटते.

ही रीत आपल्याला परकी नाही. चाकणहून आळंदी किती जवळ! ज्ञानेश्वरांनी १२९० मध्ये नेवाशाला गीतेच्या सातशे श्लोकांवर सुमारे नऊ हजार ओव्यांचं भाष्य केलं आणि आधीच्या भाष्यकारांचं ऋण मोकळेपणाने मानलं. पुढे प्रतींमध्ये पाठभेद शिरले, तेव्हा १५८४ मध्ये एकनाथांनी ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध केली. आदर होता म्हणूनच त्यांना चुका खपल्या नाहीत.

आणि त्या ग्रीक भाष्यकारांना आजच्या वाचकांपर्यंत आणणाऱ्या माणसाचं मूळही आपल्याच भागात आहे. नाशिकला जन्मलेल्या आणि पुण्याच्या डेक्कन कॉलेजात शिकलेल्या कॉर्नेलिया सोराबजी तुला ठाऊक आहेत. ऑक्सफर्डमध्ये कायदा शिकणाऱ्या पहिल्या स्त्री. त्यांच्या आई फ्रान्सिना यांनी पुण्यात शाळा काढल्या. कॉर्नेलियाबाईंचे भाचे रिचर्ड सोराबजी हे तत्त्वज्ञानाचे मोठे अभ्यासक. बर्लिनमध्ये १८८२ ते १९०९ या काळात ही भाष्यं छापली गेली होती, पण मूळ ग्रीकमध्ये. १९८७ पासून रिचर्ड सोराबजींच्या संपादनाखाली त्यांचे इंग्रजी अनुवाद निघू लागले आणि त्यांची संख्या शंभरावर गेली.

तुझ्या ड्रॉइंगच्या कोपऱ्यात रिव्हिजनची चौकट असते ना? अक्षर, तारीख, काय बदललं, कुणी सही केली. माझ्या मते ज्ञानाचा सगळा इतिहास त्या चौकटीसारखा आहे. 'ए' काढणारा मूर्ख होता म्हणून 'बी' निघत नाही. 'ए' कुणीतरी मन लावून वाचलं म्हणून निघतं.

तेव्हा माप खटकलं तर गप्प बसू नकोस, आणि लगेच चूकही म्हणू नकोस. आधी ते माप तसं का ठेवलं असेल ते शोध. जोडीचा पार्ट बघ, जुन्या रिव्हिजन काढ, मशीनवर वीस वर्षं उभ्या असलेल्या काकांना विचार. ज्यांनी ते ठरवलं, त्यांची बाजू त्यांनीही मान्य करावी इतकी नीट लिही. मग स्वतः मोजलेले आकडे शेजारी ठेव आणि खाली आपलं नाव घाल. तू बरोबर ठरलीस तर ड्रॉइंग सुधारेल, चुकलीस तर ते माप का बरोबर आहे हे पहिल्यांदाच कागदावर येईल. दोन्ही प्रकारे तुझ्यानंतर येणाऱ्या मुलीला "पहिल्यापासून असंच आहे" यापेक्षा चांगलं उत्तर मिळेल.

तुझी,
आत्या