विल्टशरची दैनंदिनी : लेखांक दुसरा – लेकॉकची पॅरिश

पहिला दिवस : चिपनम ते लेकॉक

इंग्लंडच्या नैर्ऋत्येकडील विल्टशर परगण्यात, एव्हन नदीच्या काठी वसलेले लेकॉक हे गाव चिपनम रेल्वे स्थानकापासून सुमारे पाच किलोमीटर दक्षिणेस असून, लंडनच्या पॅडिंग्टन स्थानकातून सकाळी निघालेला प्रवासी दुपारपूर्वी तेथे पोहोचतो. लेकॉक हे गावाचे नाव आहे तसेच पॅरिशचेही. वसई आणि गोव्याच्या ख्रिस्ती वस्तीत पॅरिश म्हणजे एका चर्चच्या अखत्यारीतील क्षेत्र, ज्याला वसईकर धर्मग्राम म्हणतात. इंग्लंडमध्ये मात्र १८९४ च्या कायद्याने ग्रामीण पॅरिशचे नागरी कामकाज चर्चपासून वेगळे काढले, त्यामुळे तेथील नागरी पॅरिश महाराष्ट्रातील ग्रामपंचायतीच्या अधिक जवळची आहे.

या पॅरिशमधील जुन्या इमारतींना जे संरक्षण आहे त्याचा पाया दुसऱ्या महायुद्धात घातला गेला. बॉम्बहल्ल्यात पडझड झालेल्या इमारतींपैकी कोणत्या पाडावयाच्या आणि कोणत्या सावरावयाच्या हे ठरविण्यासाठी ज्या याद्या तयार झाल्या, त्यांतूनच पुढे १९४४ आणि १९४७ च्या नियोजन कायद्यांखालील राष्ट्रीय यादीची कल्पना आकाराला आली. यादीत नाव असलेल्या इमारतींचे तीन वर्ग पडतात : ग्रेड एक, ग्रेड दोन तारांकित आणि ग्रेड दोन, पैकी पहिल्या वर्गात जेमतेम अडीच टक्के इमारती बसतात. १७०० पूर्वीची आणि मूळ रूपाच्या जवळपास राहिलेली जवळजवळ प्रत्येक वास्तू यादीस पात्र ठरते, आणि परवानगीवाचून तीत फेरफार करणे हा फौजदारी गुन्हा आहे. मुंबईच्या १९९५ च्या वारसा नियमावलीतील श्रेणी ज्यांना ठाऊक आहेत त्यांना ही रचना ओळखीची वाटेल. इंग्लंडच्या यादीत महालांच्या बरोबरीने थडगी, पाण्याचे पंप, मैलाचे दगड आणि लाल टेलिफोन खोकीही आढळतात, हे मात्र नवख्या वाचकास थोडे चमत्कारिक वाटण्याचा संभव आहे.

दुसरा दिवस : मठ

गावाच्या पूर्वेस कुरणात उभा असलेला लेकॉकचा मठ, म्हणजे ख्रिस्ती जोगिणींचा आश्रम, सॅल्सबरीची काउंटेस एला हिने १२३२ मध्ये वसविला. पती विल्यम लाँग्सपी याच्या निधनानंतर विल्टशरच्या शेरीफपदाचा, म्हणजे राजाच्या वतीने परगण्याचा कारभार पाहण्याचा, अधिकार या विधवेने सांभाळला होता, आणि ते पद त्या काळी क्वचितच एखाद्या स्त्रीच्या हाती आले. त्यामुळेच १२२५ च्या मॅग्ना कार्टाची, म्हणजे राजाच्या सत्तेला मर्यादा घालणाऱ्या सनदेची, शेरीफसाठी काढलेली प्रत लेकॉकला येऊन राहिली. आज ती ब्रिटिश लायब्ररीत आहे.

आठव्या हेन्रीने मठ बरखास्त केले तेव्हा, म्हणजे १५३९ मध्ये, लेकॉकही बंद झाले आणि पुढच्या वर्षी विल्यम शॅरिंग्टन याने ते ७८३ पौंडांना विकत घेतले. हा गृहस्थ ब्रिस्टलच्या टांकसाळीचा अधिकारी असून, नाण्यांत अफरातफर केल्याबद्दल १५४९ मध्ये दोषी ठरला आणि नंतर माफी मिळवून सुटला. परंतु इमारतीशी त्याचा व्यवहार त्याच्या नाण्यांपेक्षा पुष्कळ चोख होता. त्याने मठाचे चर्च पाडले, हे खरे. तथापि क्लॉइस्टर, म्हणजे अंगणाभोवती चारी बाजूंनी फिरणाऱ्या कमानदार ओवऱ्या, त्यालगतचे सभागृह आणि जोगिणींची शेकोटीची खोली हे सर्व तळमजल्यावर जसेच्या तसे ठेवून त्याने आपले राहते घर वरच्या मजल्यावर थाटले. परिणाम असा की इंग्लंडमध्ये इतरत्र ज्या खोल्यांचे केवळ पायाचे दगड दिसतात, त्या येथे छतासह पाहता येतात. शेकोटीच्या खोलीत १५०० साली ओतलेली एक प्रचंड काहील अद्याप आहे. मठाच्या कोपऱ्यावर शॅरिंग्टनने उभारलेला अष्टकोनी मनोरा आणि आवारातील मद्य गाळण्याचे घर त्याच शतकातले. पश्चिमेकडील गॉथिक धाटणीचा दिवाणखाना मात्र १७५४-५५ मध्ये सँडरसन मिलरने रचला, म्हणजे मध्ययुगाची ती हौशी नक्कल आहे, आणि खऱ्या मध्ययुगीन ओवऱ्यांना लागून ती उभी असल्याने नकलेचा नाटकीपणा अधिकच उघडा पडतो.

दक्षिणेकडील सज्जात एक ओरिएल खिडकी, म्हणजे भिंतीच्या बाहेर पुढे काढलेली खिडकी, आहे. ऑगस्ट १८३५ मध्ये घराचा मालक विल्यम हेन्री फॉक्स टॅल्बट याने लाकडी खोक्यांच्या साहाय्याने, चांदीच्या क्षाराचा लेप दिलेल्या कागदावर, या खिडकीची टपाल तिकिटाएवढी उलटी प्रतिमा, म्हणजे निगेटिव्ह, घेतली. त्याची पत्नी कॉन्स्टन्स त्या खोक्यांना उंदराचे सापळे म्हणे. उपलब्ध निगेटिव्हांपैकी हे सर्वांत जुने. कागदी निगेटिव्हवरून कितीही प्रती काढण्याची त्याची पद्धत पुढील वीस वर्षांत भारतातही पोहोचली, आणि १८५४ मध्ये स्थापन झालेल्या मुंबईच्या छायाचित्रण संस्थेच्या कारभारात डॉ. भाऊ दाजी यांचे बंधू नारायण दाजी यांनी भाग घेतला. खिडकीकडे पाहताना मात्र निराशा होते, कारण ती अगदी साधी आहे.

तिसरा दिवस : चार रस्ते आणि चर्च

हाय स्ट्रीट, वेस्ट स्ट्रीट, चर्च स्ट्रीट आणि ईस्ट स्ट्रीट असे चार रस्ते मिळून गावाचा चौकोन पुरा होतो, आणि त्यांवरील बहुतेक घरे अठराव्या शतकातील किंवा त्याआधीची आहेत. चर्च स्ट्रीटवरील एका घराच्या कडेच्या भिंतीत क्रक उघडा दिसतो. क्रक म्हणजे नैसर्गिक वाकाचे झाड उभे चिरून मिळालेल्या दोन तुळया जमिनीपासून आढ्यापर्यंत एकमेकींना टेकवून केलेली कैची, जीत भिंतीवर छताचा भार पडत नाही. हाय स्ट्रीटच्या कोपऱ्यावरील दशमांशाचे कोठार आठ खणांचे असून चौदाव्या शतकातले आहे. धान्याचा दहावा हिस्सा मठाला द्यावा लागे आणि तो येथे साठवला जाई. हिस्सा मराठेशाहीतील सरदेशमुखीइतकाच, परंतु देणे रोकड नसून पेंढ्यांचे. कोठाराला लागूनच दारुड्यांना रात्रभर डांबण्याची घुमटी कोठडी आहे. खिडकी नसल्यामुळे विल्टशरमध्ये अशा कोठडीला आंधळे घर म्हणतात. जॉर्ज खानावळीच्या चुलीजवळ एक लाकडी चाक लटकते, ज्यात कुत्र्याला चालवून मांस भाजण्याची सळई फिरविली जाई.

रस्त्यावर खांब, लोंबत्या तारा किंवा छतांवरचे अँटेना नसल्याने चित्रपटवाल्यांना हे गाव फार सोयीचे वाटते. मात्र हे रूप यादीने राखलेले नाही. लोकरीचा धंदा मंदावला, रेल्वे चिपनमवरून गेली, आणि जवळजवळ सगळी घरे एकाच टॅल्बट घराण्याच्या मालकीची असल्याने कोणा एका भाडेकऱ्याला आपले घर पाडून नवे बांधण्याची मुभा नव्हती आणि ऐपतही नव्हती. १९४४ मध्ये मटिल्डा टॅल्बट यांनी मठ आणि गाव नॅशनल ट्रस्ट या धर्मादाय संस्थेच्या स्वाधीन केले, तेव्हा यादीचा कायदा नुकताच येत होता. आजही घरांत भाडेकरू राहतात, पडदे बदलतात, चिमणीतून धूर निघतो. कायदा अलीकडचा आहे आणि तो मुख्यतः मनाई करतो. येथे जे राहिले ते त्याच्या आधी, गरिबी आणि मालकीहक्क यांच्या संयोगाने राहिले, असेच म्हणावे लागते.

सेंट सिरिॲकच्या चर्चला याच कायद्यात अंशतः सूट आहे, कारण इंग्लंडच्या चर्चची स्वतःची परवानगी-पद्धत सरकारी पद्धतीच्या तोडीची मानली जाते. पंधराव्या शतकातील उत्तरेकडच्या प्रार्थनाकक्षाच्या छतावर दगडी फासळ्यांचे नक्षीदार जाळे आहे, आणि त्याखाली, मठाचे चर्च पाडणारा शॅरिंग्टन आपल्या दगडी समाधीत पहुडलेला आहे. पुढील लेखांकात एव्हबरी.